चाल एकाची, वाद्यवृंद कोणाचा?

गाण्याच्या भेंड्या ऐन रंगात आलेल्या असतात. कोणीतरी जुनं सिनेगीत उचलतं. मुखडा संपतो आणि अंतरा सुरू होण्याआधी सगळेच जण शब्द सोडून व्हायोलिनचा किंवा अकॉर्डियनचा तुकडा तोंडाने वाजवू लागतात. तो म्हटल्याशिवाय अंतऱ्यात शिरताच येत नाही, इतका तो गाण्यात मुरलेला असतो. संगीतकाराचं नाव बहुतेकांना ठाऊक असतं, गीतकाराचं निदान काहींना. पण हा मधला तुकडा कोणी रचला? तो व्हायोलिनवरच का, बासरीवर का नाही? आणि गायिका सूर धरून ठेवते तेव्हा मागून चेलो हळूच काही म्हणून जातो, ते त्याला कोणी सांगितलेलं असतं?

काही वेळा या प्रश्नांचं उत्तर ‘संगीतकारानेच’ असं असतं. पुष्कळदा मात्र त्यामागे आणखी एक माणूस असतो. मराठी भावगीतांच्या कॅसेटवर त्याचा उल्लेख ‘संगीत संयोजन’ या शब्दांपुढे असे. मुंबईच्या स्टुडिओत त्याला ‘अरेंजर’ म्हणतात, हॉलीवूडमध्ये ‘ऑर्केस्ट्रेटर’. हा माणूस नेमकं काय करतो, हे टप्प्याटप्प्याने पाहू.

पेटीवरच्या चालीपासून साठ वादकांपर्यंत

संगीतकार चाल बांधतो ती बहुधा पेटीवर, पियानोवर किंवा नुसत्या गळ्यात. ‘सिटिंग’मध्ये दिग्दर्शकाला ती पसंत पडते आणि रेकॉर्डिंगची तारीख ठरते. या क्षणी हातात असते ती एक सुरावट आणि एक ठेका. सुरुवातीला काय वाजेल, मुखडा आणि अंतरा यांच्यामध्ये काय येईल, गायकाच्या दोन ओळींमधल्या श्वासाएवढ्या जागेत कोण बोलेल, गाणं संपेल कसं, हे सगळं अजून ठरायचं असतं.

संयोजकाचं काम इथे सुरू होतं. किती व्हायोलिन, किती चेलो, बासरी हवी की क्लॅरिनेट, हे तो ठरवतो. संगीतकाराने गुणगुणलेले मधले तुकडे तो पुरे करतो, काही स्वतः रचतो. मुख्य चालीखाली स्वरांचे मेळ, म्हणजे कॉर्ड, बसवतो. गाण्याच्या जोडीने चालणारी दुसरी, दुय्यम सुरावट लिहितो. स्टुडिओत या सुरावटीला ‘ऑब्लिगाटो’ म्हणतात. शेवटी प्रत्येक वादकासाठी त्याचा-त्याचा कागद तयार होतो. सगळ्या वाद्यांच्या ओळी एकाखाली एक मांडलेला मोठा कागद म्हणजे ‘स्कोअर’, आणि त्यातली एकट्या वाद्याची ओळ उतरवून घेतलेला कागद म्हणजे ‘पार्ट’. वादकापुढे फक्त त्याचा पार्ट असतो. सगळं चित्र संयोजकाच्या डोक्यात आणि स्कोअरवर.

हे काम गोव्याच्या वादकांकडे का आलं?

१९४० आणि ५० च्या दशकांत मुंबईच्या सिनेसंगीतात वाद्यवृंद मोठा होत गेला आणि एक अडचण उभी राहिली. आपली संगीतपरंपरा गुरुमुखातून आणि कानाने शिकण्याची. तबलजी किंवा सारंगिये असामान्य तयारीचे असत, पण चाळीस-पन्नास जणांनी एकाच वेळी, प्रत्येकाने वेगळं काहीतरी, त्याच दिवशी पाहून वाजवायचं, तर लिहिलेला कागद लागतो. तो लिहिणारे लागतात आणि डोळ्यासमोर येताक्षणी वाचून वाजवणारेही लागतात.

गोव्यात अशी माणसं तयार होती. पोर्तुगीज अमदानीत चर्चच्या शाळांमधून मुलांना पाश्चात्त्य स्वरलेखन आणि व्हायोलिन शिकवलं जाई. तिथले वादक पोटापाण्यासाठी मुंबईला येत आणि हॉटेलांमधल्या जॅझ बँडमध्ये वाजवत. तिथून ते स्टुडिओत आले. ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट, म्हणजे आल्दोनचे आंतोनियो शाव्हियेर वाझ, सी. रामचंद्रांच्या ‘अलबेला’त (१९५१) पडद्यावरही दिसतात. पुणतांब्याच्या रामचंद्र चितळकरांच्या चालीत स्विंगचा झोका आला, त्यात या सहवासाचा मोठा वाटा आहे. फाळणीपूर्वी लाहोरमध्ये बँडमध्ये वाजवणारे सेबॅस्टियन डिसोझा मुंबईत आले आणि शंकर-जयकिशन यांच्या संगीताचे अनेक वर्षं संयोजक राहिले. त्या गाण्यांतले व्हायोलिनचे भरगच्च ताफे आणि गायकाशी बोलणारी ऑब्लिगाटोची ओळ ही त्यांची ओळख.

आणि माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस. १९२७ साली जन्मलेला हा व्हायोलिनवादक संयोजक तर होताच, शिक्षकही होता. लक्ष्मीकांत-प्यारेलाल जोडीतले प्यारेलाल त्यांचे शिष्य. ‘अमर अकबर अँथनी’ (१९७७) मधल्या एका लोकप्रिय गाण्यात आलेलं हेच नाव म्हणजे प्यारेलाल यांनी आपल्या गुरूला केलेला नमस्कार आहे. गोन्साल्विस यांचं स्वप्न सिनेमापलीकडचं होतं. रागांवर आधारलेल्या रचना पूर्ण पाश्चात्त्य वाद्यवृंदाकडून वाजवून घ्यायच्या, या ध्यासाने त्यांनी १९५८ मध्ये वाद्यवृंद उभा केला आणि मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयात त्याचा कार्यक्रम झाला. त्यात लता मंगेशकर आणि मन्ना डे गायले.

महाराष्ट्रातही ही परंपरा रुजली. व्हायोलिनवादक प्रभाकर जोग सुधीर फडक्यांचे साहाय्यक होते. फडक्यांनी चाली दिलेलं ‘गीतरामायण’ १ एप्रिल १९५५ पासून पुणे आकाशवाणीवर दर आठवड्याला एक नवं गीत याप्रमाणे वर्षभर चाललं. एकूण ५६ गीतं झाली. दर आठवड्याला नवी चाल, तिचं स्वरलेखन, वादकांची तालीम आणि प्रक्षेपण हे चक्र फिरतं ठेवायला असा साहाय्यक लागतोच. पुढच्या पिढीतल्या अनिल मोहिले यांचं नाव तर मराठी भावगीतांच्या असंख्य ध्वनिमुद्रिकांवर संयोजक म्हणून आहे. लताबाईंच्या परदेशी मैफलींत वाद्यवृंदाची सूत्रंही त्यांच्याकडे असत.

सा एकच, कागद तीन

संयोजकाला प्रत्येक वाद्याचा स्वभाव पाठ असावा लागतो. त्याचं सर्वांत साधं उदाहरण म्हणजे पट्टी.

समजा, गायक काळी एकमध्ये गाणार आहे. पेटी, बासरी आणि व्हायोलिन यांच्यासाठी सा म्हणजे काळी एक. पण ट्रम्पेटची घडणच अशी असते की वादक कागदावर पांढरी एकचा स्वर पाहून वाजवतो तेव्हा प्रत्यक्षात एक पूर्ण स्वर खाली ऐकू येतो. म्हणून ट्रम्पेटच्या कागदावर सा लिहावा लागतो काळी दोनवर. आल्टो सॅक्सोफोन लिहिल्यापेक्षा आणखी खाली बोलतो, त्याचा सा लिहायचा काळी पाचवर. तिघांच्या कागदावर तीन वेगळे सा, आणि हवेत मात्र एकच. यातला एक कागद चुकला तर साठ माणसं थांबून राहतात.

आता व्हायोलिन पाहा. त्याच्या चार मोकळ्या तारा पांढरी पाच, पांढरी दोन, पांढरी सहा आणि पांढरी तीन यांत जुळवलेल्या असतात. सगळे शुद्ध स्वर असलेली चाल पांढरी दोनमध्ये असेल, तर या चारही तारांचे स्वर त्या सप्तकात येतात. मग बोट न ठेवताही तारा सहकंपनाने गुंजत राहतात आणि ताफा उजळून निघतो. तीच चाल काळी एकमध्ये घेतली, तर चारपैकी एकही मोकळी तार तिच्या स्वरांत बसत नाही. आवाज झाकल्यासारखा, थोडा मऊ येतो. विरहगीताला तो शोभेलही, पण लग्नाच्या वरातीच्या गाण्याला कदाचित नाही. पट्टी गायकाच्या गळ्यावरून ठरते, ती संयोजकाला बदलता येत नाही. तिच्यात काय खुलेल आणि काय दबेल, हे ओळखून वाद्यं निवडणं त्याच्या हातात असतं.

प्रत्येक वाद्याला अशा अटी आहेत. बासरीवाल्याला श्वास घ्यावाच लागतो. व्हायोलिनचा ताफा मात्र गज आळीपाळीने फिरवून एकच सूर हवा तितका वेळ धरू शकतो. हार्पला सात पायपट्ट्या असतात, सात स्वरांसाठी सात. शुद्ध स्वराचा कोमल करायचा तर पायपट्टी हलवायला वेळ ठेवावा लागतो. खालच्या सप्तकातली बासरी अतिशय गोड बोलते, पण तिच्याबरोबर ट्रम्पेट वाजला तर ती कोणालाच ऐकू येत नाही.

दहा व्हायोलिन म्हणजे दसपट आवाज?

एका व्हायोलिनऐवजी दहा व्हायोलिन वाजवली, तर आवाज दसपट मोठा वाटेल असं कोणालाही वाटेल. तसं होत नाही. आपला कान आवाजाचा मोठेपणा बेरजेच्या हिशोबाने मोजत नाही. ध्वनीची ताकद दसपट झाली की कानाला आवाज साधारण दुप्पट वाटतो. म्हणजे दहा व्हायोलिन एकाच्या जेमतेम दुप्पट जोराने ऐकू येतात.

मग इतके वादक कशाला? पोतासाठी. दहा जण एकच सूर वाजवतात तेव्हा प्रत्येकाचा स्वर केसभर वर-खाली असतो, प्रत्येकाचं बोट वेगळ्या गतीने थरथरतं. त्या बारीक फरकांतून रुंद, तरंगणारा आवाज तयार होतो, जो एकट्या व्हायोलिनमधून कधीच निघणार नाही. संयोजक ही गोष्ट दोन्ही बाजूंनी वापरतो. विशालता हवी तिथे ताफा, जवळीक हवी तिथे एकटं व्हायोलिन.

दोन वेगळी वाद्यं एकच ओळ वाजवतात तेव्हाही असंच नवल घडतं. बासरी आणि व्हायोलिन एकाच सुरात मिसळले की दोघांहून वेगळा तिसराच रंग कानावर येतो. तीच ओळ एका वाद्याने वरच्या आणि दुसऱ्याने खालच्या सप्तकात वाजवली की ती ठळक होते. गाण्यातला एखादा तुकडा कोणत्या वाद्यावर आहे ते ओळखता येत नाही, असं अनेकदा होतं. त्याचं कारण बहुधा हेच असतं.

गाणाऱ्यासाठी जागा

या व्यवसायातलं सर्वांत अवघड काम म्हणजे काय वाजू नये ते ठरवणं.

दोन आवाज एकाच उंचीवर, एकाच वेळी आले की मोठा आवाज लहान आवाजाला झाकून टाकतो. स्त्री-आवाजाचे मूळ स्वर गाताना साधारण २५० ते १००० हर्ट्झ या पट्ट्यात असतात. हर्ट्झ म्हणजे सेकंदाला होणारी कंपनं. शब्दांची स्पष्टता मात्र त्याहून वरच्या, २००० ते ५००० हर्ट्झच्या आसपासच्या कंपनांतून येते आणि आपला कान नेमका तिथेच सर्वांत तीक्ष्ण असतो. त्याच भागात व्हायोलिनचा ताफा जोरात वाजला, तर गायिका कितीही ताकदीने गायली तरी शब्द विरघळून जातात.

आपल्याकडे पान वाढायची रीत असते. मीठ मधोमध वर, चटणी-कोशिंबीर डावीकडे, भाज्या उजवीकडे, आणि मधली जागा भातासाठी मोकळी. पदार्थ कितीही झाले तरी कशानेही भाताची जागा अडवायची नसते. संयोजक गाण्याचं पान असंच वाढतो. चेलो आणि डबल बास गळ्याच्या खाली, व्हायोलिनचे लांब सूर गळ्याच्या वर, आणि मधला भाग गाणाऱ्याचा.

उंची वाटून घेतली की वेळही वाटून घ्यायची असते. गायिका भरभर शब्द उच्चारते तेव्हा वाद्यं एकेक सूर धरून थांबतात. ती एका स्वरावर थांबली की वाद्यं हलू लागतात. ऑब्लिगाटो लिहिण्याचा हा मूळ नियम. नीट ऐकलं तर जुन्या चांगल्या गाण्यांत गळा आणि वाद्यं एकाच क्षणी फारशी धावपळ करत नाहीत, असं जाणवतं.

आज प्रत्येक वाद्य वेगळं ध्वनिमुद्रित होतं आणि नंतर कळ सरकवून आवाज कमी-जास्त करता येतो. ताडदेवच्या फेमस स्टुडिओत किंवा वांद्र्याच्या मेहबूब स्टुडिओत पन्नास-साठच्या दशकांत ही सोय नव्हती. गायक, वाद्यवृंद आणि तालवाद्यं सगळे एकत्र गात-वाजवत, मोजक्याच माइकवर. एकाने चूक केली की पुन्हा पहिल्यापासून ‘टेक’. कोणाला माइकजवळ बसवायचं आणि कोणाला लांब, हे ध्वनिमुद्रक ठरवत असे. पण मूळ तोल कागदावरच साधलेला असावा लागे. आपण आज ज्याला मिक्सिंग म्हणतो, त्यातलं पुष्कळसं काम तेव्हा संयोजक पेन्सिलने करत असे.

दार एकविसाव्या सेकंदाला उघडतं

गाण्यात चित्र संगीतामागे जातं. पार्श्वसंगीतात उलट असतं. दृश्य आधीच कापून-जोडून तयार असतं आणि संगीताला त्याच्याशी सेकंदाचा अंशही न चुकता जुळावं लागतं. इथे थोडं गणित येतं.

समजा, नायिका अंधाऱ्या खोलीत उभी आहे आणि दृश्य सुरू झाल्यापासून बरोबर २१ व्या सेकंदाला दार उघडतं. त्या क्षणी वाद्यवृंदाचा मोठा ठोका हवा. लय मिनिटाला १२० मात्रांची धरली, तर प्रत्येक मात्रा अर्ध्या सेकंदाची. चित्रपट सेकंदाला २४ चौकटी दाखवतो, म्हणजे एका मात्रेत १२ चौकटी. २१ सेकंदांत ४२ मात्रा होतात. चार-चार मात्रांचे दहा खंड पूर्ण होऊन दोन मात्रा उरतात आणि दार उघडतं ते अकराव्या खंडाच्या तिसऱ्या मात्रेवर. ठोका समेवर यायला हवा होता, तो मध्येच कुठेतरी पडतो.

यावर दोन उपाय आहेत. पहिला, लय किंचित कमी करायची. मिनिटाला सुमारे ११४.३ मात्रा ठेवल्या की २१ सेकंदांत बरोबर ४० मात्रा बसतात आणि दार समेवर उघडतं. दुसरा, लय तीच ठेवून एका खंडात चारऐवजी सहा मात्रा घालायच्या. श्रोत्याला तो बदल जाणवतही नाही, फक्त दार उघडण्याआधी क्षणभर श्वास अडकल्यासारखं होतं. उपाय मुख्यतः संगीतकार निवडतो, पण तो वाद्यवृंदाकडून वाजवून घेता येईल असा कागद संयोजक करतो. ध्वनिमुद्रणाच्या वेळी सगळ्या वादकांच्या कानात हेडफोनमधून लयीचे ‘टिक-टिक’ आवाज येत राहतात. त्याला ‘क्लिक ट्रॅक’ म्हणतात.

संवाद चालू असतील तर तोल आणखी नाजूक होतो. माणसाच्या बोलण्याचा आवाज चेलोच्या पट्ट्याला जवळचा. म्हणून पुरुष पात्र बोलत असताना जाणता संयोजक चेलोला भावपूर्ण सुरावट सहसा देत नाही. तो ती वर व्हायोलिनकडे नेतो किंवा संवाद संपेपर्यंत थांबतो.

हॉलीवूडमधली कामाची वाटणी

हॉलीवूडमध्ये या कामाला १९३० च्या दशकापासून शिस्तबद्ध रूप आलं. ‘किंग काँग’ (१९३३) चे संगीतकार मॅक्स स्टायनर यांना काही आठवड्यांत तासाभराहून अधिक संगीत द्यावं लागे. ते चार-पाच ओळींचा आराखडा लिहीत आणि त्यातून पूर्ण वाद्यवृंदाचा स्कोअर ऑर्केस्ट्रेटर तयार करत. ह्यूगो फ्रीडहोफर यांनी स्टायनर आणि दुसरे संगीतकार कोर्नगोल्ड यांच्यासाठी अनेक वर्षं हे काम केलं. नंतर ते स्वतः संगीतकार झाले आणि ‘द बेस्ट इयर्स ऑफ अवर लाइव्ज’ (१९४६) साठी त्यांना ऑस्कर मिळालं. ‘स्टार वॉर्स’ (१९७७) मध्ये जॉन विल्यम्स यांचे ऑर्केस्ट्रेटर होते हर्बर्ट स्पेन्सर. विल्यम्स यांचे आराखडे इतके तपशीलवार असत की कोणतं वाद्य काय वाजवणार हे त्यांत जवळपास लिहिलेलंच असे.

दुसऱ्या टोकाला बर्नार्ड हरमन. आपलं संगीत दुसऱ्याने वाद्यांवर बसवायचं, ही कल्पनाच त्यांना मान्य नव्हती. ‘सायको’ (१९६०) साठी त्यांनी फक्त तंतुवाद्यं वापरली, ना ट्रम्पेट ना ढोल. त्या चित्रपटाची भीती या निवडीतूनच येते. आपल्याकडे सलील चौधरी आणि इळैयाराजा हे आपलं संयोजन स्वतः कागदावर उतरवणारे संगीतकार. म्हणजे या कामाची एकच ठरलेली सीमा नाही. कुठे संयोजक आराखडा फक्त स्वच्छ उतरवतो, कुठे तो निम्मं संगीत रचतो. श्रेयनामावलीतल्या एका शब्दावरून हे कळत नाही.

मालिकांचं वेगळं घड्याळ

चित्रपटाला निदान काही आठवडे मिळतात. दूरचित्रवाणी मालिकेला तेवढा वेळ नसतो. म्हणून तिथे संगीताचा साठाच तयार ठेवावा लागतो. शीर्षकगीत मन लावून, चांगले वादक घेऊन केलं जातं. त्याच सुरावटीची रूपं मग वेगवेगळ्या प्रसंगांसाठी बनवली जातात. एकट्या बासरीवर संथ, तंतुवाद्यांवर कोमल स्वर घेऊन, तालवाद्यांसह जलद. संकलक गरजेप्रमाणे त्यातलं रूप उचलून दृश्याखाली बसवतो. एका चालीतून दहा भाव काढायचे, हे काम निखळ संयोजनाचं आहे.

मराठी घरांत ‘आभाळमाया’ आणि ‘वादळवाट’ यांची अशोक पत्कींची शीर्षकगीतं वर्षानुवर्षं रोज वाजली. शीर्षकगीताला मिळतो मिनिटभर. त्यात चाल लक्षात राहायची आणि पहिल्या दोन सेकंदांत स्वयंपाकघरातल्या माणसाला कळायचं की मालिका सुरू झाली. ते पहिले दोन सेकंद शब्दांचे नसतात. कोणत्या वाद्याने दार ठोठावायचं, हा निर्णय तिथे सर्वांत मोलाचा ठरतो. १९८८ मध्ये दूरदर्शनवर आलेल्या ‘मिले सुर मेरा तुम्हारा’ या गाण्यात पत्कींच्या जोडीला संयोजक म्हणून लुई बँक्स होते. प्रांतामागून प्रांत, भाषेमागून भाषा, वाद्यांमागून वाद्यं बदलत जातात, तरी गाणं तुटत नाही. हे सांधे ऐकण्यासारखे आहेत.

संगणक आला, मग कागद गेला का?

नव्वदच्या दशकापासून संगणकावर साठवलेल्या वाद्यांच्या नमुना-ध्वनींनी बरीच कामं घेतली. स्टुडिओतले मोठे ताफे रोडावले. संयोजकाच्या जागी ‘प्रोग्रामर’ हा शब्द आला. एका खोलीत बसून अख्ख्या वाद्यवृंदाचा भास निर्माण करता येऊ लागला.

तरीही खरे वादक लागतात तेव्हा कागद लागतोच, आणि संगणकाने तो लिहिण्यात नवी अडचणही आणली आहे. कीबोर्डवर संगीतकार दोन हातांनी जे वाजवतो ते बासरीवाल्याला श्वासाअभावी अशक्य असू शकतं. संगणकातला ट्रम्पेट कधी दमत नाही, माणसाचे ओठ दमतात. म्हणून आजचा ऑर्केस्ट्रेटर संगीतकाराची संगणकातली फाइल घेतो, प्रत्येक ओळ माणसाला वाजवता येईल अशी करतो आणि सिबेलियस किंवा डोरिकोसारख्या प्रणालीत स्कोअर उतरवतो. मोठ्या स्टुडिओत साधारण तीन तासांच्या सत्रांचा हिशोब असतो. साठ-सत्तर वादकांपुढे एक चुकीचा कोमल स्वर शोधण्यात गेलेली दहा मिनिटं निर्मात्याला फार महाग पडतात.

‘सैराट’ (२०१६) हे याचं आपल्या जवळचं उदाहरण. अजय-अतुल यांनी त्यातलं वाद्यवृंदाचं संगीत हॉलीवूडच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर तिथल्या वादकांकडून वाजवून घेतलं. त्या वादकांना ना चित्रपटाची भाषा ठाऊक, ना करमाळ्याचं शिवार. त्यांच्यापुढे होता तो फक्त कागद. त्यावर कुठे आवाज चढवायचा, कुठे गज हलका ठेवायचा हे अचूक लिहिलेलं होतं, म्हणून तो आवाज गावातल्या थेटरापर्यंत पोहोचला.

या वाटेला जायचं तर

या व्यवसायात शिरण्याचा एकच दरवाजा नाही, पण तयारी सगळ्यांना सारखीच लागते. एखादं वाद्य वादकांच्या ताफ्यात बसून वाजवता यावं. पाश्चात्त्य स्वरलेखन मातृभाषेसारखं वाचता यावं. कॉर्ड कसे बांधायचे याचं शास्त्र, म्हणजे हार्मनी, शिकावं. आणि आपल्याकडे काम करायचं तर राग आणि ताल यांची जाण हवीच. भलत्या जागी बसवलेला कॉर्ड रागाचा चेहरा बदलून टाकतो.

पणजीच्या कला अकादमीत पाश्चात्त्य संगीताचा विभाग आहे. ए. आर. रहमान यांनी २००८ मध्ये चेन्नईत केएम म्युझिक कॉन्झर्व्हेटरी सुरू केली. मुंबईत २००६ पासून एनसीपीएमध्ये सिंफनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया आहे. तिथे तालमीचा पूर्ण वाद्यवृंद ऐकायला मिळणं ही शिकणाऱ्याला मोठी संधी. प्रत्यक्ष कामाची सुरुवात मात्र बहुधा खालून होते. दुसऱ्याच्या स्कोअरमधून पार्ट उतरवणे, संगणकावर ओळी भरणे, रेकॉर्डिंगच्या दिवशी कागद वाटणे. पार्ट उतरवता-उतरवता कोणत्या वाद्याला काय दिलं की काय ऐकू येतं, हे हाताला कळतं. जुने संयोजक असेच घडले.

थोडक्यात : संयोजकाला स्वतःला विचारावे लागणारे प्रश्न

- ही ओळ या वाद्याच्या आवाक्यात आहे का, आणि वादकाला श्वास घ्यायला जागा आहे का?
- गायकाची पट्टी कोणती, आणि तिच्यात कोणती वाद्यं खुलतात?
- या क्षणी श्रोत्याने काय ऐकावं? बाकीचं त्याच्या वर, खाली किंवा मागेपुढे सरकवलं आहे का?
- दृश्यातल्या महत्त्वाच्या क्षणी समेची मात्रा येते का?
- कागद पहिल्यांदाच पाहणारा वादक तो न अडता वाजवू शकेल का?

नाव आणि कागद

या कामाचं श्रेय हा जुना, दुखरा विषय आहे. आपल्या कॉपीराइट कायद्यात संगीतकृतीचा कर्ता म्हणजे संगीतकार. २०१२ च्या दुरुस्तीने चित्रपटातल्या गीतकार आणि संगीतकार यांचा रॉयल्टीचा हक्क भक्कम केला, आणि ते योग्यच झालं. संयोजकासाठी मात्र कायद्यात असं वेगळं स्थान नाही. ठरलेली बिदागी मिळाली की त्याचा संबंध संपतो. त्याने रचलेला तुकडा पुढे पन्नास वर्षं लोकांच्या ओठी राहिला तरीही. जुन्या मराठी ध्वनिमुद्रिकांवर निदान नाव छापलेलं असे. आज गाणं ॲपवर वाजतं आणि संयोजकाचं नाव क्वचितच दिसतं. ते दाखवायला कंपन्यांना खर्च येत नाही. एक ओळ वाढवावी लागेल, इतकंच. संगीतकाराची थोरवी त्याने उणी होणार नाही. शंकर-जयकिशन यांच्या चाली सेबॅस्टियन यांचं नाव घेतल्याने लहान होत नाहीत.

नावाइतकाच कागदही महत्त्वाचा आहे. जॉन विल्यम्स यांचे स्कोअर आज छापील स्वरूपात विकत मिळतात आणि जगभरचे विद्यार्थी ते पुढ्यात ठेवून शिकतात. मुंबईच्या सुवर्णकाळातले हाताने लिहिलेले पार्ट मात्र रेकॉर्डिंग संपल्यावर बहुतेक विखुरले. आज कोणाला ते गाणं पूर्ण वाद्यवृंदासह सादर करायचं तर ध्वनिमुद्रण पुन्हा पुन्हा ऐकून, एकेक वाद्य वेगळं काढत सगळं नव्याने लिहावं लागतं. पुण्यात १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. तिथे चित्रपटांच्या प्रती जपल्या जातात, तशीच या कागदांसाठी ठरलेली जागा असावी. वादकांच्या आणि संयोजकांच्या घरांत, माळ्यावरच्या ट्रंकांत जे उरलं असेल, ते गोळा करून, संगणकावर उतरवून विद्यार्थ्यांपुढे ठेवायला हवं. संयोजनाची कला ऐकून अर्धी कळते आणि वाचून पुरी. आपल्या मुलांना सेबॅस्टियन डिसोझा आणि अनिल मोहिले यांच्याकडून शिकायचं असेल, तर त्यांच्या हातचा कागद त्यांना वाचायला मिळाला पाहिजे.